ती की त्या

४ जून १९९९, शुक्रवार

पहिल्याच ओळीवर लाल पेन! "'ती' नको. 'त्या' लिही."

मी लिहिलं होतं: नुसैबा मदिनेची. ती पाण्याची पखाल घेऊन निघाली. एवढंच. रुकय्या म्हणाली, "काय गो, माझ्याकडे लादी पुसायला येते तीपण 'ती'. एवढ्या मोठ्या बाईला तेच?" मी म्हटलं, आम्ही आईला अगं म्हणतो, देवाला अरे म्हणतो, कोणी रागावलेलं ऐकिवात नाही. तर म्हणे, "तुझ्या आईला तू काही पण म्हण. या तुझ्या आई नाहीत."

काम गळ्यात कसं पडलं ते लिहून ठेवते, पुढे स्वतःला शिव्या घालायला बरं. रुकय्या परकार आणि मी एकाच शाळेत, एकाच स्टाफरूममध्ये, एकाच मोडक्या पंख्याखाली इतकी वर्षं काढली की आमच्यात आता चहा कोण करणार यावरसुद्धा वाद होत नाही. दर गुरुवारी ती घरी मुलींचा वर्ग घेते. सगळ्या चिपळूण-खेडच्या, जन्म शारजाचा. त्यांना उर्दू येत नाही, मराठी वाचता येत नाही. पण आयांना येतं. आयांनी वाचून दाखवावं म्हणून तिला छोटं पुस्तक हवंय, हजरत नुसैबांच्या आयुष्यावर. मदिनेत अगदी सुरुवातीला ज्यांनी इस्लाम स्वीकारला त्यांतल्या एक, आणि पुढे रणात तलवार घेऊन उभ्या राहिलेल्या.

"मराठी तुझं चांगलं. तूच लिही. पण त्या खवचट भाषेत नको."

म्हणजे सुताराला सांगायचं, खुर्ची कर पण करवत नको.

८ जून

रुकय्या उर्दू पुस्तकातून वाचते, मी उतरवते. उहुदची लढाई. या बाई नवऱ्याबरोबर आणि दोन मुलांबरोबर निघाल्या त्या जखमींना पाणी पाजायला. आधी सरशी होती. मग तिरंदाजांनी जागा सोडली, सगळं उलटलं, माणसं पळायला लागली. यांनी पखाल खाली ठेवली आणि तलवार उचलली. पैगंबरसाहेबांच्या पुढ्यात उभ्या राहिल्या. डावीकडे बघावं तर याच, उजवीकडे बघावं तर याच, असं पैगंबरसाहेबांनीच मागाहून सांगितलं म्हणतात.

मी लिहिलं, "तिची तलवार विजेसारखी तळपली."

"वीज कोणी बघितली?"

"अगं, उपमा आहे ती!"

"उपमा नाश्त्याला कर. इथे जे सांगितलंय तेवढंच लिही."

खरं सांगायचं तर हात बांधल्यासारखं झालंय. इथल्या मराठी मंडळाच्या अंकात मी आजवर जे लिहिलं त्यातलं निम्मं फुगवलेलं आणि उरलेलं टोचलेलं. इथे फुगवायचं नाही, टोचायचं नाही. आणि "त्या" लिहायचं. "त्या धावल्या" म्हटलं की माझ्या डोळ्यांपुढे मुख्याध्यापिका धावतात.

१४ जून

घराचं कारगिल झालंय. मधू ऑफिसातून आला की बूट न काढता टीव्हीपुढे. जेवताना मिठाची बाटली म्हणजे तोलोलिंगचं शिखर, लोणच्याची बरणी म्हणजे शत्रूचा बंकर, आणि आमची भाजी दोन्हींच्या मधल्या दरीत. नवरा बांधकामाच्या मोजमापांतला माणूस. तीस वर्षांत झुरळ मारलेलं नाही. तेही मला बोलावतो.

लिफ्टमध्ये तिसऱ्या मजल्यावरचे इद्रीससाहेब भेटले, लाहोरचे. पूर्वी क्रिकेटवर तासभर भांडायचे दोघं. आज दोघांनीही लिफ्टच्या आकड्यांकडे बघितलं. दोघांच्या हातात त्याच इराणी भट्टीतली तीच गरम रोटी.

मिहिका म्हणते, "डॅड, पास द तोलोलिंग." मी हसले. तो नाही.

१५ जून

वेद जेवताना म्हणाला, "आय वाँट टु जॉइन द आर्मी."

टीव्हीवर जाहिरात चालू होती म्हणून ऐकू तरी आलं. बारावीला एवढे मार्क पडलेत, पुण्याला इंजिनिअरिंगची सीट जवळजवळ ठरलीय, आणि हा म्हणतो एनडीएची परीक्षा देणार. अठरा वर्षांचा. दुधावरची साय अजून बोटाने बाजूला काढतो.

मधूच्या हातात तोलोलिंग तसंच राहिलं.

"अरे, पण..."

"डॅड, यू सेड इट. एव्हरी हाउस शुड गिव्ह वन सन."

"मी ते जनरल बोलत होतो!"

खरंच की. दोन आठवडे जनरलच बोलत होता.

१६ जून

काही सुचत नाही. शाळेत मुलांना चुकीच्या धड्याचा गृहपाठ दिला.

१८ जून, शुक्रवार

मिहिका इस्त्री करत होती, तिला वाचून दाखवलं. आमच्या बाईसाहेबांना मराठी ऐकून सगळं कळतं, वाचायचं म्हटलं की अक्षरं मुंग्यांसारखी दिसतात. मक्केजवळच्या अकबाचा प्रसंग: मदिनेहून सत्तरच्या वर माणसं आली, पैगंबरसाहेबांना वचन द्यायला. तुमच्यासाठी लढू, असं वचन. त्यात बायका फक्त दोन. एक या.

"ओन्ली टू?"

"दोन."

"हू ट्रेन्ड हर, आई? तलवार अशी कोणी एका दिवसात उचलत नाही."

पुस्तकात नाही, म्हटलं. रुकय्या मला अंदाज करू देत नाही.

"अँड डिड शी आस्क एनीबडी? ॲट होम?"

"अगं, समोर माणसं पळतायत, विचारायला वेळ कुठे!"

"नॉट देन. बिफोर. घरातून निघताना."

इस्त्री बघ, म्हटलं, बाबांच्या शर्टाचा खिसा जळेल. मनात वेदच होता. पोरगा आतल्या खोलीत जोर काढत होता, त्याचा धप्प धप्प आवाज येत होता. चौदाव्या जोरानंतर थांबला. मला बरं वाटलं, याचीच लाज वाटली.

२२ जून

अडले.

उहुदवर त्यांचा मुलगा, अब्दुल्ला, जखमी झाला. दंडातून रक्त थांबेना. आणि या बाई — या आई — त्याला म्हणाल्या, ऊठ बाळा, ऊठ आणि लढ.

पाच शब्द. लिहून बघितले. "ऊठ बाळा" — हे तर मी इतकी वर्षं रोज सकाळी म्हणत आले! खाली शाळेची व्हॅन आलेली असायची, डबा भरलेला असायचा. "उठ रे" — तसंच. "उठा" — हे भूपाळीत. "ऊठ, लढ" — हे मंडळाच्या भिंतीवरचं. आमच्या भाषेत आईने मुलाला ऊठ म्हटलं की पुढे दूध, दात आणि दप्तर येतं. ज्या पोराच्या दंडातून रक्त चाललंय त्याला आई ऊठ म्हणते ती कुठल्या स्वरात म्हणते?

आणि मला ते कशाला ठाऊक असावं? आतापर्यंत जी जी आई पोराला टिळा लावून पाठवते तिची मी अंकात टिंगल केलीय. टिळा लावणारी लावते, आणि मग पुढचं लेखकाला बघायला लागतं.

वाक्य गाळलं. थेट पुढच्या प्रसंगावर गेले. कोणाला कळणार!

२५ जून, शुक्रवार

कळलं. वाचता वाचता रुकय्याचं बोट थांबलं.

"मधलं कुठे गेलं?"

"कुठलं?"

"उर्मिला. मी पण मास्तरीण आहे. पान गाळलेलं मला वासाने कळतं."

मी म्हटलं, ते वाक्य मराठीत बसत नाही. ती म्हणाली, मराठीत सगळं बसतं, तुला बसवायचं नाही. मी म्हटलं, माझा मुलगा हातातून निघाला आहे आणि मी इथे मुलाला मरायला पाठवणारीचे गोडवे लिहू? ती म्हणाली, "मरायला नाही गो. लढायला." मी म्हटलं, तुला काय, तुला तिन्ही मुलीच, तुझ्या घरातून कोणी जाणार नाही!

बोलून गेले. तोंड आहे की उघडी गटार.

ती उठली. अर्धा कप चहा तसाच. तिचे यजमान मुनीरभाई दुबईतल्या अल क्वोजच्या वर्कशॉपमधून घ्यायला यायचे होते. त्यांची वाट न बघता खाली जाऊन उन्हात उभी राहिली. मी खिडकीतून बघत बसले. हाक मारली नाही.

२७ जून

फोन नाही. मी केला नाही, तिनेही नाही. स्टाफरूममध्ये पंखा आमच्या दोघींच्या बरोबर मधे.

२ जुलै

मंडळात सैनिक निधीची सभा. मधूने आपल्या तोंडाने वेदची बातमी कोणाला तरी सांगितली असणार, कारण दारातच उपाध्येबाईंनी माझे दोन्ही हात धरले. "तुम्ही बोला ना. वीरमाता म्हणून." ज्यांची पोरं कॉम्प्युटरला लागलीत त्या सगळ्या डोळे पुसत माझ्याकडे बघत होत्या. जणू मी आधीच पांढरं नेसून आले होते. मी म्हटलं, वीरमाता व्हायला अजून अवकाश आहे, तोवर समोसे गरम आहेत ते खाऊन घ्या. हशा पिकला.

मिहिका पहाटे कॉर्निशवर, समुद्रकाठच्या रस्त्यावर, पळायला जायला लागलीय. ठाण्याहून वन्संनी जे स्थळ पाठवलंय त्याचा फोटो तिला पसंत दिसतोय. बारीक व्हायचं मनावर घेतलंय. चला, एक तरी सरळ मार्गी!

६ जुलै

दार वाजलं. रुकय्या. हातात सुरमईची पिशवी. आत येऊन सिंकपाशी उभी राहिली, नळ सोडला, मासा धुवायला लागली. माझ्याच घरात! मी मागे उभी.

"ऐक," म्हणाली. पाठमोरीच. "त्या दिवशी तू नुसतं 'ऊठ' ऐकलंस. त्याच्या आधीचं ऐकलंच नाहीस. आधी त्यांनी जखम बांधली. कमरेला पट्ट्या होत्या, जखमींसाठी घरून बांधून नेलेल्या. तिथे लढाई चालली होती आणि त्या बसल्या. मुलाचा दंड घट्ट बांधला. आणि मग म्हणाल्या."

माशाचा वास, नळाचा आवाज.

"बांधायला कोणी असलं की उठता येतं गो," म्हणाली. "तेवढंच आहे ते."

माफी मागायला माझ्या तोंडाला वळण नाही. मी मीठ-हळद काढून दिली. तिने ती घेतली. झालं.

जेवताना "ती-त्या"चा निकाल लागला. मी सुचवलं होतं, पखाल हातात असेपर्यंत ती, तलवार उचलली की त्या. रुकय्या कडाडली, "म्हणजे पाणी पाजणारी हलकी?" मग मी म्हटलं, सगळीकडे त्या, तुझ्या मनासारखं. पण मुलाजवळ बसून पट्टी बांधते तिथे "ती". तिथे "त्यांनी बांधली" लिहिलं तर हॉस्पिटलची नर्स वाटते. रुकय्याने काटा काढून ताटाच्या कडेला ठेवला.

"तिथे चालेल," म्हणाली. "तिथे आईच आहे ती."

७ जुलै

लिहिलं. तिने त्याचा दंड बांधला. गाठ ओढून बघितली. मग म्हणाली, ऊठ बाळा. लढ.

विजेची तलवार नाही, काही नाही. "गाठ ओढून बघितली" हे मात्र माझं. पुस्तकात नाही. रुकय्याने लाल पेन उचललं, परत खाली ठेवलं, परत उचललं आणि खोडलं. बरोबर आहे तिचं. तरी मला माहीत आहे, ओढून बघितलीच असणार.

९ जुलै, शुक्रवार

वेदच्या खोलीत गेले. पाय पसरून कॉम्प्युटरवर. म्हटलं, एनडीएची परीक्षा द्यायची असेल तर दे. क्लास लाव, पुण्याला मामाकडे राहा. मी बाबांशी बोलते. लागलं, खुपलं, नापास झालास, पास झालास, मी आहे.

एवढं वाक्य पाठ करून गेले होते. आवाज हलला नाही.

तो म्हणाला, "ओह. ओके. थँक्स, आई." आणि मग, "वी'ल सी."

वी'ल सी?

२७ जुलै

युद्ध संपल्याचं जाहीर झालं. मधूने मिठाची बाटली परत मीठ म्हणून वापरायला सुरुवात केली. लिफ्टमध्ये इद्रीससाहेब म्हणाले, "आज गर्मी बहुत है।" मधू म्हणाला, "हाँ जी, बहुत।" तह झाला.

२९ जुलै

वेद पुण्याला जातोय. इंजिनिअरिंगला! त्याचा मित्र कार्लही तिथेच चाललाय, हॉस्टेलवर एकत्र रूम घेणार. "आर्मीचं काय?" विचारलं तर म्हणे, "आय नेव्हर सेड डेफिनेटली." मधू खूश. लगेच फोनवर फी दिरहमात सांगतो, रुपयांत करतो आणि रुपयांचा आकडा ऐकून स्वतःच दचकतो.

मीही खूश. असायलाच हवं. देवापुढे साखर ठेवली. मग दुपारभर घरात फिरत राहिले, कपाटं उघडली, बंद केली. कशाला राग येतोय? पोरगा सुखरूप आहे. पण एवढी गोळा करून आणलेली हिंमत आता ठेवू कुठे? डब्यात घालून फ्रीजमध्ये? मंडळात सांगायची सोय नाही, वीरमातेचा मुलगा हॉस्टेलचे पडदे निवडतोय.

१२ ऑगस्ट, गुरुवार

पुस्तकाच्या झेरॉक्स प्रती निघाल्या. अठ्ठावीस पानं, पिनांनी टाचलेली. रुकय्याच्या वर्गाला गेले. मिहिका म्हणाली, मी सोडते, आणि मग निघून न जाता चपला काढून मागे भिंतीला टेकून बसली.

रुकय्याने वाचलं. ज्या बाईने मला इतके आठवडे एक उपमा करू दिली नाही तिचा स्वतःचा आवाज मुलाच्या जखमेपाशी फुटला. मुलींनी ऐकलं. पुढे यमामाच्या लढाईत त्यांचा हात तुटला, तेही ऐकलं. आणि ती जागा, जिथे त्यांनी पैगंबरसाहेबांना विचारलं होतं म्हणतात, की सगळीकडे पुरुषांचाच उल्लेख का, बायकांचा का नाही. ("म्हणतात" रुकय्याने मला तीनदा लिहायला लावलं.)

मग प्रश्न. एक सात-आठ वर्षांची पोर: "युद्धावरून आल्यावर त्यांनी स्वयंपाक केला का?" सगळ्या हसल्या. रुकय्या म्हणाली, कोणीतरी केला असेल बाय, उहुदला झालेली त्यांच्या खांद्याची जखम भरायला वर्ष लागलं.

दुसरी म्हणाली, "व्हॉट डिड हर मदर से?"

नुसैबांच्या आईबद्दल पुस्तकात काहीच नाही. मागून मिहिका एकदम म्हणाली, "शी मस्ट हॅव बीन बिझी विथ द सन्स."

माझी मुलगी माझ्यावर गेलीय. टाळीच दिली मी तिला.

१९ ऑगस्ट

वेदची बॅग. पंचवीस किलो. त्यातलं अर्धं शॅम्पू आहे. त्या ठाण्याच्या स्थळाला काय कळवायचं, मिहिकाला विचारलं. "नॉट नाउ, आई." बरं, भाऊ जाऊ दे आधी.

२७ ऑगस्ट, शुक्रवार

वेद गेला. मधू त्याच्याबरोबर गेला, हॉस्टेल लावून द्यायला. विमानतळावरून येताना गाडी मिहिका चालवत होती. मी रडत होते, जरा जास्तच.

सिग्नलला थांबली. समोर बघत म्हणाली, आणि मराठीत म्हणाली, "आई, मी आर्मीचा फॉर्म भरला होता. बायकांचा कोर्स असतो, ग्रॅज्युएट झाल्यावर. बंगलोरला मुलाखत आहे, पुढच्या महिन्यात."

"कधी भरलास?"

"जानेवारीत."

जानेवारी. तेव्हा कारगिल कोणाला ठाऊक होतं? टीव्हीवर मालिका चालू होत्या.

"सांगितलं का नाहीस?"

"वेदचं चाललं होतं ना तुमचं."

सिग्नल हिरवा झाला. मागच्याने हॉर्न दिला. मी तिच्या हातांकडे बघितलं, स्टिअरिंगवरच्या. दंड केव्हा एवढे भरले? पळून माणूस बारीक होतो, हे कोणी सांगितलं होतं मला?

काहीतरी बोलायला हवं होतं. मी म्हटलं, "स्वेटर आहे का तुझ्याकडे?"

"नाही."

शारजात वाढलेल्या मुलीकडे स्वेटर कुठून असणार. यू-टर्न घ्यायला सांगितला. दुकानं उघडी होती.